दादाच्या खिशातलं टोकन

२३ सप्टेंबर १९७१

आज पासपोर्ट परत आला. मुदत न वाढताच परत आला. सोबत इंग्रजीत चार ओळी: अर्जदारावर फौजदारी खटला सुरू आहे, सबब तो निकाली निघेपर्यंत नूतनीकरण करता येत नाही. ह्यांनी कागद वाचला, घडी घातली आणि म्हणाले, ‘अच्छा.’ हा ‘अच्छा’ ऐकला की माझ्या अंगाची आग होते. घराला आग लागली तरी हे अच्छा म्हणतील आणि बादली शोधायला मला पाठवतील.

म्हणून आजपासून लिहायचं ठरवलं. भांडायला कोणीतरी हवं. ह्यांच्याशी भांडणं म्हणजे उशीला बुक्के मारणं.

पासपोर्ट सहासष्टचा. फॅक्टरीनं ह्यांना तेव्हा ट्रकच्या गिअरचं काम शिकायला जर्मनीला पाठवलं होतं. तिथल्या वेबर साहेबांना ह्यांचा हात इतका आवडला की अजून दर नाताळला कार्ड येतं. या वर्षी पत्रच आलं. आमच्याकडे जागा आहे, बायको-मुलीला घेऊन या, ईस्टरपर्यंत थांबतो. पासपोर्टची मुदत डिसेंबरअखेर संपते. तो नवा झाला की त्याच्यावरच माझं आणि नंदाचं नाव चढायचं. मी जबलपूर-नागपूर सोडून कधी कुठे गेले नाही. पोळ्या लाटता लाटता ह्यांच्या जुन्या पुस्तकातून जर्मन शब्द पाठ करते. नंदा हसते, म्हणते, ‘आई, पहले मुझे ठीक से मराठी तो सिखा दो.’ कार्टी दहा वर्षांची झाली तरी उत्तर हिंदीतच देते.

खटल्याचं आता इथे नीट लिहून ठेवते, म्हणजे डोक्यातून जाईल.

फॅक्टरीतल्या प्रत्येकाजवळ पितळेचं नंबरी टोकन असतं. सकाळी फाटकावर टाकायचं, सुटताना परत घ्यायचं. हरवलं तर चौकशी, मेमो, हेलपाटे. म्हणून नर्मदेवर जाणारा कोणी टोकन बरोबर नेत नाही. डुबकी मारताना पडतं, काठावर कपड्यांत ठेवलं तर चोर नेतो. सेक्शनमधल्या भरवशाच्या माणसाकडे देऊन जायचं आणि दुसऱ्या दिवशी फाटकावर मागून घ्यायचं. नियमात बसत नाही, पण सगळे करतात. अडुसष्टच्या सप्टेंबरात एका संध्याकाळी मामंजींच्या अस्थी नर्मदेच्या तिलवारा घाटावर न्यायच्या होत्या. शिफ्ट सुटली तशी ह्यांनी टोकन दादाकडे दिलं आणि सायकल तिलवाऱ्याकडे वळवली. दादा म्हणजे माझा सख्खा थोरला भाऊ, ह्यांच्याच सेक्शनला. मागे फाटकासमोर कामगारांची सभा झाली, दगडफेक झाली, लाठी चालली. पळापळीत दादाच्या खिशातून टोकन पडलं आणि पोलिसांच्या हाती लागलं. टोकन सापडलं म्हणजे माणूसही तिथे होता, असं धरून दगडफेकीच्या अकरा आरोपींत ह्यांचंही नाव आलं. अस्थी सोडायला बरोबर असलेले गुरुजी पुढच्याच वर्षी वारले.

दादा तेव्हाच ठाण्यावर जाऊन सांगणार होता, हेच नको म्हणाले. दोघंही कशाला अडकायचं, म्हणे. फॅक्टरीनं ह्यांना निलंबित केलं, वर्षभर घरी बसून ह्यांनी राजीनामा दिला आणि आता पाटन रोडवरच्या गॅरेजात शेतकऱ्यांचे ट्रॅक्टर दुरुस्त करतात. दादानं मात्र आपलं कर्तव्य केलं. कोर्टात ह्यांच्यासाठी तोच जामीन राहिला.

३० सप्टेंबर

भय्यासाहेब वकिलांकडे जाऊन आलो. म्हणजे मी ओढून नेलं. भय्यासाहेब आमच्या महाराष्ट्र मंडळातले, त्यामुळे फीपेक्षा चहाच जास्त होतो. ते म्हणाले, ‘वहिनी, सगळ्यांची केस एकत्र मागे घेतील म्हणून आपण तीन वर्षं वाट पाहून राहिलो. आता नाही थांबता येत. नोव्हेंबरात हवालदाराची साक्ष आहे. त्यानंतर आपला साक्षीदार उभा करायचा. त्या दिवशी टोकन कोणाजवळ होतं, एवढंच त्यानं सांगायचं. बस्.’

‘माझ्या भावाजवळ होतं,’ मी म्हटलं.

‘नाव?’

मी ह्यांच्याकडे पाहिलं. नवऱ्याचं नाव मी घेत नाही, आणि थोरल्या भावाचंही आमच्याकडे घेत नाहीत. लहानपणी एकदा घेतलं तर आईनं ओठांवर चापट मारली होती. हे जरा थांबून म्हणाले, ‘अंबादास. पण त्याला नाही बोलवायचं.’

‘काहून?’ भय्यासाहेबांनी विचारलं.

‘कोणाला ओढायचं नाही.’

येताना सायकलच्या कॅरिअरवर बसून घमापूरपासून अधारतालपर्यंत मी बोलत होते. ओढायचं काय त्यात? खरं सांगायचं तर आहे. फार तर दादाला एक मेमो मिळेल, टोकन दुसऱ्याचं का घेतलं म्हणून. हे पायडल मारत राहिले. चढावर म्हणाले, ‘विभा, उतर जरा.’ एवढंच.

भित्रा माणूस आहे. लिहिताना बरं वाटत नाही, पण आहे. माझा दादा ह्यांच्या जागी असता तर केव्हाच कोर्ट डोक्यावर घेतलं असतं.

भाऊबीज

दादाच्या क्वार्टरवर गेले. आई तिथेच असते, उजवं अंग गेलेलं, बोलता येत नाही. मला पाहिलं की डावा हात उचलते. वहिनी तिचं सगळं करते, त्याबद्दल मी तिच्या सात चुका माफ करते. दादानं खोव्याची जिलबी आणली होती.

ओवाळताना सरळ सांगितलं, ‘दादा, या वर्षी मला लुगडं नको, काही नको. कोर्टात येऊन खरं सांग. टोकन माझ्याजवळ होतं, एवढंच म्हण.’

निरांजन माझ्या हातात होतं. दादानं त्याच्याकडे पाहिलं, माझ्याकडे नाही. मग म्हणाला, ‘मुरलीधररावांनी सांगितलं का हे?’

‘त्यांना ठाऊकही नाही.’

‘अच्छा.’ मग हसला. ‘येतो ना बापा. तू मागितलं अन् मी नाही म्हटलं असं कधी झालं?’

आईच्या डोळ्यांतून पाणी आलं. मला वाटलं आनंदाचं. दादानं तिचे डोळे पुसले आणि तिला भिंतीकडे वळवून निजवलं.

घरी येताना मन इतकं हलकं झालं होतं की जुनं सगळं आठवत राहिलं. त्या गडबडीच्या संध्याकाळीसुद्धा दादा आधी माझ्याकडेच आला होता, स्वतःच्या घरी नाही. सायकलवरून पडलो म्हणाला. शर्टाची कॉलर मागून फाटून लोंबत होती. अशा अवतारात गेलो तर आई घाबरेल, म्हणाला. मी शर्ट काढून घेतला आणि आतल्या खोलीत दिव्याखाली बसून शिवला. घरात पांढरा दोरा नव्हता, राखाडीच होता. थोड्या वेळानं हे तिलवाऱ्याहून आले. बाहेर दोघं बोलत होते आणि मी आत टाके घालत होते. काय दिवस होता, पण त्यातही घर भरलेलं वाटलं होतं.

११ नोव्हेंबर

हवालदाराची साक्ष झाली. मी शिकवते त्या शाळेतून अर्धी रजा टाकून गेले. ह्यांनी सांगितलेलं निम्मं असतं, म्हणून आपल्या कानांनी ऐकायचं होतं.

हवालदार रिटायर व्हायला आलेला. सरकारी वकिलांनी विचारलं, टोकन कहाँ मिला? मला वाटलं म्हणेल, जमिनीवर. तर म्हणतो, ‘हाथ में दिया साहब. मैंने पीछे से कॉलर पकड़ा था. बोला छोड़ दो, नंबर ले लो, और जेब से निकालके टोकन दे दिया. इतने में पीछे से भीड़ आई, कॉलर फटके मेरे हाथ से छूट गया.’

भय्यासाहेबांनी विचारलं, ‘इन्हीं ने दिया था?’

त्यानं ह्यांच्याकडे पाहिलं, डोकं खाजवलं. ‘होंगे. नंबर तो इन्हीं का है.’

पोलिसांच्या थापा! टोकन पडलेलं मिळालं म्हणायला लाज वाटली असेल, म्हणून हाती दिलं म्हणे. कॉलर काय, त्या दिवशी अर्ध्या जबलपुराच्या कॉलरी फाटल्या असतील. दादाची नव्हती का फाटली?

मी ह्यांच्याकडे पाहिलं, ते खाली बघत होते. बाहेर आल्यावर भय्यासाहेब मला बाजूला घेऊन म्हणाले, ‘वहिनी, तुमचा भाऊ अजून येतो म्हणतो?’

‘म्हणजे काय! भाऊबीजेला शब्द दिलाय.’

‘नाही, आता हवालदार असं बोलला ना. टोकन ज्याच्याजवळ होतं त्यानंच ते दिलं, असा अर्थ होतो. साक्षीदारानं जरा समजून यावं.’

मी म्हटलं, माझ्या भावाला समजावून सांगावं लागत नाही. वकील लोकांना प्रत्येक गोष्टीत पाणी मुरताना दिसतं.

१९ नोव्हेंबर

हवालदाराच्या साक्षीनंतर दादा घरी आला नाही, निरोपही नाही. बाजारात वहिनी भेटली, म्हणाली, ‘डबल शिफ्ट करून राहिले. झोपायलासुद्धा वेळ नाही बाई.’ खरंच असेल. लढाईचीच चर्चा सगळीकडे आहे.

४ डिसेंबर

लढाई सुरू झाली. काल रेडिओवर सांगितलं. आज शाळेत काचांना काळे कागद चिकटवून घेतले, मुलींनी खळ सगळीकडे सांडली. महाराजपूरच्या आमच्या गल्लीत कोणी दिवा लावला की लोक ओरडतात, ‘लाइट बंद करो भैया!’ फॅक्टरीचा भोंगा आता कधीही वाजतो.

हे सकाळी गॅरेजात न जाता दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून फॅक्टरीच्या फाटकावर गेले. जुने, रिटायर झालेलेसुद्धा बोलावून घेताहेत असं ऐकलं होतं. तासाभरात परत आले. मी विचारलं, काय झालं?

‘चौकीदार ओळखीचा निघाला. म्हणाला, मुरलीभैया, आप आ जाते तो अच्छा था, लेकिन केसवालों को अंदर नहीं लेना है.’

शर्ट काढून खुंटीला लावला आणि गॅरेजचा तेलकट सदरा घालून गेले. मला एकदम रडू आलं. ज्या गाड्या सीमेवर चालल्यात त्यांच्या गिअरचे दाते ह्यांनी घासले होते, आणि ह्यांनाच फाटकातून परत पाठवलं. देशानंही असं करावं? नंदानं विचारलं, ‘बाबा देशद्रोही हैं क्या? स्कूल में एक लड़की बोली.’ त्या मुलीच्या आईला मी उद्या गाठणार आहे.

मुकाट सोसायचं किती! चूक दादाच्या खिशाची, आणि शिक्षा आम्हाला. पण ते तरी कसं म्हणू? खिशातून टोकन पडणं काही गुन्हा नाही.

८ डिसेंबर

तारीख होती. दादा आला नाही. चिठ्ठी पाठवली: लढाईचं काम, सुटी बंद, पुढच्या तारखेला नक्की. मॅजिस्ट्रेटनी वीस तारीख दिली. भय्यासाहेबांनी चिठ्ठी दोनदा वाचून फायलीत लावली. मी म्हटलं, लढाई काय माझ्या भावानं सुरू केली? हे म्हणाले, ‘विभा, राहू दे ना. नको बोलवू त्याला.’ मी म्हटलं, तुम्हाला जायचंच नाही आहे वेबर साहेबांकडे. इथेच ट्रॅक्टरखाली झोपायचंय तुम्हाला. ते म्हणाले, ‘जायचं आहे.’ इतकं हळू म्हणाले की मला पुढे भांडता आलं नाही.

१७ डिसेंबर

जिंकलो! काल ढाक्याची बातमी आली. सदर बाजारात फटाके, गल्लीत पेढे. दादा स्कूटरवरून आला, पेढे घेऊन, नंदाला उचलून फिरवलं. त्याला बढती देऊन चार्जमन केलंय, हेही सांगितलं. हे अभिनंदन म्हणाले, पेढा घेतला आणि हातातच धरून राहिले. मी दादाला आठवण दिली, वीस तारीख. ‘ध्यानात आहे,’ म्हणाला. चहा अर्धा ठेवून गेला.

२० डिसेंबर

जसं झालं तसंच लिहिते.

दादा आला. नवा स्वेटर, केस नीट बसवलेले. मी त्याच्यासाठी डब्यात शंकरपाळे नेले होते, लाज वाटते आता. भय्यासाहेबांनी विचारलं, ‘उस शाम मुरलीधरजी का टोकन आपके पास था?’

दादा म्हणाला, ‘नहीं साहब.’

मला वाटलं, प्रश्न समजला नाही त्याला. भय्यासाहेबांनी परत विचारलं. दादा सरळ मॅजिस्ट्रेटकडे बघून बोलला, ‘मेरे पास किसी का टोकन नहीं था. अपना टोकन आदमी अपने पास रखता है. मैं तो सभा से पहले ही घर चला गया था. रिश्तेदारी है, इसलिए मुझे बुला लिया.’

सरळ घरी गेला होता म्हणे! मी उभी राहिले. चपराशी म्हणाला, ‘बैठिए बहनजी.’ मी बसले. भय्यासाहेब पुढचा प्रश्न विचारायला निघाले तर ह्यांनी त्यांच्या कोटाची बाही धरली आणि मान हलवली. नको. संपवा. दादा पिंजऱ्यातून उतरला आणि माझ्या बाकावरून गेला. माझ्याकडे पाहिलं नाही. त्याच्या अंगाला खोबरेल तेलाचा वास होता, लहानपणी आई लावायची तेच.

माझ्या भावानं मला फसवलं. निरांजनासमोर शब्द दिला आणि भर कोर्टात मला खोटं पाडलं. मी ह्याच्यासाठी तीन वर्षं नवऱ्याला भित्रा म्हणत आले.

२१ डिसेंबर

शाळेत गेले नाही. नंदाच्या फ्रॉकची शिवण उसवली होती, ती घेऊन बसले. सुई हातात घेतली आणि मग तो शर्ट आठवला. तसाच थांबला हात.

सायकलवरून पडलेल्या माणसाचे गुडघे फुटतात. कोपरं खरचटतात. दादाचे गुडघे धड होते. पँटीला धुळीचा कण नव्हता. फाटली होती ती फक्त कॉलर, आणि तीही मागून, पट्टीसकट उपटून आलेली. माणूस पुढे धावत असेल आणि कोणी मागून धरलं असेल तरच अशी फाटते. मी शिवणकाम शिकवते शाळेत. आणि मला हे तीन वर्षं दिसलं नाही. टोकन पडलं नव्हतं. दादाच्या खिशात दोन टोकनं होती, एक त्याचं आणि एक ह्यांचं. पोलिसानं धरल्यावर त्यानं ह्यांचं काढून दिलं.

हे आले तेव्हा मी अजून तिथेच बसले होते. दिवा लावला नव्हता. म्हटलं, ‘दादानं आपल्या हातानं तुमचं टोकन दिलं.’

हे चपला काढत होते. काढून झाल्यावर म्हणाले, ‘हो.’

‘तुम्हाला ठाऊक होतं?’

‘हो.’

‘कधीपासून?’

‘त्याच संध्याकाळी. तू आत कॉलर शिवून राहिली होतीस ना, तेव्हा सांगितलं त्यानं. पाय धरले माझे. म्हणाला, हाताला जे लागलं ते दिलं, नंबर नंतर पाहिला.’

‘आणि तुम्ही?’

‘मी म्हटलं, मी तर तिलवाऱ्याला होतो. गुरुजी आहेत साक्षीला. महिन्याभरात सुटीन. त्याच्या घरी तुझी आई नुकतीच आजारी पडली होती. तो अडकला असता तर क्वार्टर गेलं असतं. गरज पडली तर मी बोलीन, असं तो म्हणाला होता. मग गुरुजी गेले. मग तो बोलला नाही.’

‘मला का नाही सांगितलं?’

‘तुझं माहेर तेवढंच आहे, विभा.’

मला काय वाटलं ते लिहिते. कीव नाही वाटली. प्रेमही नाही वाटलं. वाटलं की दोघांनी मिळून माझ्या घरात, माझ्या पाठीमागे, माझं आयुष्य वाटून घेतलं आणि मी आत बसून पुरावा शिवत होते. एकानं मला विकलं आणि दुसऱ्यानं मला न विचारता माझ्यावर उपकार केला. तीन वर्षं मी ह्यांना टोमणे मारले, दादाला ओवाळलं, आणि हे दोघं गप्प बसून बघत राहिले. माहेर माझं होतं ना? मग ते ठेवायचं की सोडायचं, मला विचारायला काय झालं होतं?

ह्यांनी दिवा लावला आणि कुकर चढवला. आज पहिल्यांदाच.

३१ डिसेंबर

ट्रंकेतून पासपोर्ट काढून पाहिला. फोटोत हे किती तरुण दिसतात, तेल लावून भांग पाडलेला. आज त्याची मुदत संपली. वेबर साहेबांचं नाताळचं कार्ड आलंय, खाली हातानं लिहिलंय, ईस्टर. हा शब्द मला पुस्तकाशिवाय वाचता आला.

१५ जानेवारी १९७२

वहिनीचा निरोप आला, आई जेवत नाही, तुमची वाट पाहते. खरं म्हणजे दादाचा निरोप. तरी गेले. आई माझ्या हातून खिमटी जेवली. तिचा डावा हात माझ्या मनगटावरून सुटेना. भाऊबीजेला ती का रडली होती ते आता कळलं. तिला ऐकू येतं. तीन वर्षं त्याच खोलीत पडून तिनं काय काय ऐकलं असेल!

दादा दारात उभा होता. म्हणाला, ‘तू भय्यासाहेबाकडे गेली होतीस म्हणे.’

‘गेले होते. साक्षीदारांत माझं नाव टाका म्हणून सांगितलं.’

‘विभा, असं नको करजो. तू कॉलरचं बोललीस की माझी नोकरी गेली. क्वार्टर गेलं. मग हिला कुठं नेऊ मी? तुझ्या त्या खोलीत?’

‘हो. माझ्या त्या खोलीत.’

‘अन् जर्मनीचं?’

तेवढं मात्र त्यानं बरोबर धरलं. आई घरी आली तर मला जाता येणार नाही. हे एकटे जातील, किंवा कोणीच जाणार नाही. दादानं तिळगूळ पुढे केला, ‘घे, गोड बोल.’ सवयीनं हात पुढे झाला. रस्ताभर मुठीत धरून आणला. घरी आले तेव्हा तळहात चिकट झाला होता. धुऊन टाकला.

रात्री ह्यांना सांगितलं, मी साक्ष देणार. ‘नको ना,’ म्हणाले. मी म्हटलं, तुम्हाला विचारलेलं नाही. तुम्हीही नव्हतं विचारलं.

ह्यांनी उठून खोली पावलांनी मोजली. मग म्हणाले, ‘आईंची खाट खिडकीपाशी टाकू. तिथं ऊन येतं.’

२८ जानेवारी

साक्ष झाली. आल्या आल्या लिहितेय, अजून लुगडंही बदललेलं नाही.

पिंजऱ्यात उभं राहिलं की सगळे फार खाली दिसतात. हे शेवटच्या बाकावर होते. दादा दाराजवळ उभा होता, फॅक्टरीचा गणवेश घालून. आज त्याला सुटी मिळाली होती.

भय्यासाहेबांनी विचारलं तसं सगळं सांगितलं. कॉलर कशी फाटली होती, कोणत्या दोऱ्यानं शिवली, गुडघे धड होते. सरकारी वकील उठले. त्यांना वाटलं असेल, मास्तरीणबाई आहे, दोन प्रश्नांत रडेल.

‘मुल्ज़िम आपके कौन हैं?’

‘पति.’

‘तो पति को बचाने के लिए यह कॉलर की कहानी?’

मी म्हटलं, ‘पति को बचाना होता तो तीन साल पहले बोलती. तब मुझे किसी ने बताया नहीं.’ मागे बाकावर कोणीतरी खोकलं. मी पाहिलं नाही.

‘जिसका कॉलर सिया, वह कौन?’

‘मेरा बड़ा भाई.’

‘सगा?’

‘सगा.’

मॅजिस्ट्रेटनी लेखणी थांबवली, चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं. आवाज नरम होता त्यांचा. ‘नाम बताइए. रिकॉर्ड पर लेना होगा.’

मी भय्यासाहेबांकडे पाहिलं. ते कागद चाळत होते. ह्यांच्याकडे पाहिलं. वाटलं, त्या दिवशी वकिलांकडे सांगितलं तसं हेच सांगतील. ह्यांनी तोंड उघडलं आणि मिटलं. हे काम कोणी दुसरं करणार नव्हतं. दाराजवळ दादा मला बघत होता, लहानपणी मी झाडावर चढले की खालून बघायचा तसा, हात अर्धे पुढे करून.

ओठांवर आईची चापट जाणवली, अजून.

‘अंबादास,’ मी म्हटलं.

साक्ष लिहून घेणाऱ्या बाबूला ऐकू गेलं नाही. तो म्हणाला, ‘ज़ोर से बोलिए बहनजी.’ मग मी जोरात बोलले.